हुजूर पक्षाची वर्णमाला

ब्रिटनमधील 'कॉन्झर्व्हेटिव्ह' पक्षाला मराठी वृत्तपत्रांनी फार पूर्वी 'हुजूर पक्ष' असे नाव दिले आणि 'लेबर' पक्षाला 'मजूर पक्ष'. यमक साधले, पण केवळ यमकच साधले असे नव्हे. 'सनातनी', 'पुराणमतवादी', 'रूढिप्रिय' असे कितीतरी प्रतिशब्द हाताशी असताना ज्या कुणा अनाम उपसंपादकाने 'हुजूर' हा शब्द निवडला, त्याने एका शब्दात समीक्षाच लिहिली, असे आम्हांस वाटते. या पक्षाची ओळख त्याच्या मतांवरून करू नका, त्याच्या बसण्याच्या जागेवरून करा, असे तो शब्द सांगतो. ज्यांच्या घरांतील तीन-तीन पिढ्या संस्थानी मुलखात हुजूर कचेरीच्या हुकुमांच्या नकला करण्यात गेल्या, त्या आमच्या वाचकांना या शब्दाची धार निराळी उलगडून सांगण्याचे कारण नाही. मात्र या नामकरणात एक उणीव राहून गेली. हुजूर आणि मजूर हा भेद वर्गाचा झाला. त्या पक्षाच्या इतिहासात रंगाचा आणि वंशाचा जो प्रश्न दर पिढीत डोके वर काढीत आला, त्याची खूण या जोडनावात कोठेच उमटली नाही.

२०२२ च्या ऑक्टोबरात, ऐन दिवाळीच्या दिवशी, ऋषी सुनक त्या पक्षाचे नेते ठरले आणि दुसऱ्या दिवशी ब्रिटनचे पंतप्रधान झाले. आमच्या घरांतूनही त्याचा आनंद झाला. ज्यांची नातवंडे तिकडे स्थायिक आहेत त्यांना तो अंमळ अधिक झाला, हे स्वाभाविकच होते. जुलै २०२४ मधील निवडणुकीतील पराभवाने सुनकांची कारकीर्द संपली. आता त्या आनंदाकडे जरा दुरून पाहता येईल. तो कशाचा होता? हुजूर पक्ष पालटला याचा, की 'आपल्या वर्णाचा' माणूस हुजुरांच्या गादीवर बसला याचा? या दोन गोष्टी एक नव्हेत. आम्ही राजकारणाचे पंडित नाही, वाङ्मयाचे वाचक आहोत. तेव्हा त्या पक्षाच्या पुढाऱ्यांच्या तोंडची काही वाक्ये, एक भाषण आणि एक भित्तिपत्रक, एवढीच सामग्री आम्ही एखाद्या संहितेसारखी वाचणार आहोत.

आरंभ एडमंड बर्क यांच्यापासून करणे भाग आहे, जरी ते स्वतः व्हिग पक्षाचे होते. फ्रेंच राज्यक्रांतीवरील त्यांचा १७९० मधील ग्रंथ रूढिप्रिय विचाराची गंगोत्री मानला जातो. परंपरा ही पिढ्यान्पिढ्यांच्या शहाणपणाची ठेव आहे, ती एका आवेशात उधळू नये, हा त्याचा गाभा. परंतु याच बर्कनी वॉरन हेस्टिंग्जवरील महाभियोगासाठी आपल्या आयुष्याची कितीतरी वर्षे वेचली. हेस्टिंग्ज आमच्या ग्वाल्हेरच्या वाचकांना परका नाही. १७८२ चा तह ज्या सालबाईला झाला ते गाव त्यांच्या जवळचेच. १७८८ मध्ये खटला उभा राहिला तेव्हा बर्क यांचे प्रतिपादन असे होते की, नीती ही अक्षांश-रेखांशांबरोबर बदलत नाही. जो अन्याय लंडनमध्ये अन्याय तो बंगालमध्येही अन्यायच. भारतीय समाजाला स्वतःचे प्राचीन कायदे व आचार आहेत, म्हणूनच तो आदरास पात्र आहे, अशी त्यांची धारणा होती. परंपरेविषयीचा आदर खरा असेल तर तो दुसऱ्याच्या परंपरेपाशी येऊन थांबत नाही, हे त्यात गृहीत होते. १७९५ मध्ये हेस्टिंग्ज निर्दोष सुटले ती गोष्ट वेगळी. आम्हांला येथे एवढेच नोंदवायचे आहे की, रूढिप्रियता आणि वंशाभिमान यांचे नाते जन्मजात नाही. ते पुढे जुळले, आणि जुळविले गेले.

ते जुळविणाऱ्यांत डिझरेली यांचे स्थान विलक्षण आहे. जन्माने ज्यू, बाराव्या वर्षी बाप्तिस्मा झालेला हा कादंबरीकार हुजूर पक्षाचा नेता झाला, दोनदा पंतप्रधान झाला आणि १८७६ मध्ये त्याने व्हिक्टोरिया राणीला हिंदुस्थानची सम्राज्ञी केले. 'कॉनिंग्जबी' आणि 'टँक्रेड' या त्यांच्या कादंबऱ्यांतील सिडोनिया हे पात्र इतिहासाची गुरुकिल्ली वंशात शोधते. परक्या कुळातल्या माणसाने वंशाच्याच तत्त्वावर आपला मोठेपणा सिद्ध करावा आणि ज्या सरदारवर्गाने त्याला बाहेरचा म्हणावे त्याच वर्गाचा तो कैवारी व्हावा, हा नमुना येथे प्रथम पाहावयास मिळतो. पुढे तो पुन्हा भेटेल.

आता संहितेकडे येऊ. १८८८ च्या नोव्हेंबरात एडिंबरो येथील भाषणात पंतप्रधान लॉर्ड सॉल्सबरी यांनी दोन वर्षांपूर्वीच्या हॉलबर्न मतदारसंघातील निवडणुकीचा उल्लेख केला. तेथे दादाभाई नौरोजी उदारमतवाद्यांकडून उभे राहून पडले होते. सॉल्सबरी यांच्या म्हणण्याचा मथितार्थ असा: मानवजातीने कितीही प्रगती केली असली आणि पूर्वग्रहांवर कितीही मात केली असली, तरी एखादा ब्रिटिश मतदारसंघ काळ्या माणसाला निवडून देईल इतकी मजल आपण अद्याप मारलेली नाही. हे वाक्य नीट पाहावे. त्यात शिवी आहे, पण ती वाक्याच्या शेवटी, सभ्यपणाच्या लांबलचक रांगेच्या मागे उभी आहे. पूर्वग्रह ही वाईट गोष्ट आहे हे बोलणारा मान्य करतो, तो कमी होत चालला आहे हेही मान्य करतो, आणि मग जणू खेदाने, त्या पूर्वग्रहाच्या आधारे निकाल देतो. दोष त्याचा नाही. दोष मतदाराचा, काळाचा. हुजूर भाषेची ही पहिली खूण. हुजूर कधी स्वतः बोलत नाहीत. लोकांचे म्हणणे ते फक्त कळवितात.

त्या शब्दावर मोठा गदारोळ उठला. आमच्या बडोदेकर वाचकांना दादाभाई निराळ्या नात्याने ठाऊक आहेत. १८७४ मध्ये मल्हारराव गायकवाडांच्या दरबारात ते दिवाण होते आणि तेथील कारस्थानांना कंटाळून बाहेर पडले होते. अशा माणसाला 'काळा' म्हटले म्हणून उदारमतवाद्यांनी त्यांच्या सन्मानार्थ मेजवानी दिली, आणि दादाभाईंपेक्षा लॉर्डसाहेबच अधिक सावळे दिसतात, अशी थट्टा सर्वत्र झाली. १८९२ मध्ये दादाभाई सेंट्रल फिन्सबरीतून हाताच्या बोटांवर मोजता येतील एवढ्या मतांनी निवडून आले. त्यावरून त्यांच्या आडनावाचे 'नॅरो-मेजॉरिटी' असे विडंबनही झाले.

येथे आमच्या समीक्षेचा एक काटा अडतो. दादाभाईंच्या बाजूने जो बचाव झाला त्याचा सूर पुष्कळदा असा होता की, ते काळे नव्हेतच; ते गोरे आहेत, पारशी आहेत, आर्य आहेत. म्हणजे सॉल्सबरींनी लावलेली मोजपट्टी कोणी मोडली नाही. तिच्यावर दादाभाईंचे स्थान तेवढे वर सरकविले. हा बचाव आम्हांला फार ओळखीचा वाटतो, कारण तो आमच्याही घरांतून झाला आहे. आर्यत्वाची मात्रा त्या काळी सुशिक्षित मराठी माणसाने मोठ्या समाधानाने चाटली. १९०३ मध्ये लोकमान्य टिळकांनी वेदांतील आर्यांचे मूळ वसतिस्थान उत्तर ध्रुवाकडे नेऊन ठेवले, तेव्हा त्यांच्या विद्वत्तेपुढे नतमस्तक होताना त्या सिद्धांतातून मिळणारी 'आपणही मूळचे तिकडचेच' ही सुखद भावना किती वाचकांच्या मनात होती, हे कोणी मोजलेले नाही. त्याआधी तीस वर्षे, १८७३ मध्ये, जोतीराव फुले यांनी 'गुलामगिरी' लिहून तीच आर्यांच्या आगमनाची कथा उलट्या बाजूने, जिंकल्या गेलेल्यांच्या बाजूने सांगितली होती, आणि तो ग्रंथ निग्रो गुलामांना मुक्त करणाऱ्या अमेरिकेतील सज्जनांना अर्पण केला होता. वंशाचा सिद्धांत म्हणजे दुधारी शस्त्र. मूठ कोणाच्या हातात आहे ते पाहावे लागते. आपल्या भाषेत तर 'वर्ण' हा शब्दच रंग आणि जात या दोहोंना पुरून उरतो. 'रेस' या शब्दाचे मराठी करताना आमची जीभ अडखळते ती शब्द नाही म्हणून नव्हे, शब्द नको इतका आपला आहे म्हणून.

हुजूर पक्षाने सॉल्सबरींच्या वाक्याला पुढे आपल्या परीने उत्तर दिले. १८९५ मध्ये पूर्व लंडनमधील बेथनल ग्रीन (ईशान्य) येथून मंचेरजी भावनगरी हे त्या पक्षाचे उमेदवार म्हणून निवडून आले. त्याच निवडणुकीत दादाभाई पडले. साम्राज्याचे पाठीराखे म्हणून भावनगरींना हिंदी राष्ट्रवाद्यांनी 'बो-अँड-ॲग्री', म्हणजे लवून मान डोलावणारे, असे नाव दिले. ही थट्टा पुरती न्याय्य नाही. दक्षिण आफ्रिकेतील हिंदी लोकांच्या गाऱ्हाण्यांसाठी भावनगरी पार्लमेंटात चिकाटीने भांडले आणि गांधीजींनी त्यांचे साह्य आवर्जून घेतले. पण त्यांच्याच पक्षाच्या राजवटीत, ते पार्लमेंटात असतानाच, १९०५ चा परकीयांविषयीचा कायदा झाला. त्याचा रोख पूर्व युरोपातून आलेल्या आणि मुख्यतः पूर्व लंडनमध्ये स्थिरावलेल्या गरीब ज्यूंवर होता. एक परका आत बसला आहे आणि दुसऱ्या परक्यासाठी दार ओढून घेतले जात आहे, हे चित्र तेव्हाच पुरे झाले होते. १९०६ मध्ये भावनगरी पडले. त्यानंतर आशियाई वंशाचे सभासद म्हणून हुजूर पक्षाकडून निवडून आलेले पहिले गृहस्थ म्हणून नाव घेतले जाते ते श्रीलंकेत जन्मलेल्या निरज देवा यांचे, आणि ते साल होते १९९२. मध्ये शहाऐंशी वर्षे गेली.

या शहाऐंशी वर्षांतील सर्वांत महत्त्वाची संहिता म्हणजे २० एप्रिल १९६८ रोजी बर्मिंगहॅम येथे इनॉक पॉवेल यांनी केलेले भाषण. त्याला जग 'रक्ताच्या नद्या' या नावाने ओळखते, जरी हा शब्दप्रयोग त्या भाषणात जसाच्या तसा नाही. पॉवेल हा सामान्य गल्लीबोळातला चिथावणीखोर नव्हता. पंचविसाव्या वर्षी सिडनीत ग्रीकचा प्राध्यापक, महायुद्धात ब्रिगेडियर, कवी, आणि हिंदुस्थानच्या प्रेमात पडलेला माणूस. १९४३ ते १९४६ या काळात तो येथे होता, उर्दू शिकला, आणि व्हाइसरॉय होण्याची महत्त्वाकांक्षा बाळगून परतला. त्याच्या चरित्रातील आणखी एक प्रसंग विसरून चालणार नाही. १९५९ मध्ये केनियातील होला छावणीत अकरा कैद्यांना मारहाण करून ठार केले गेले. त्यावर हाउस ऑफ कॉमन्समध्ये, आपल्याच पक्षाच्या सरकारविरुद्ध, पॉवेल याने जे भाषण केले ते त्या सभागृहातील थोर भाषणांत गणले जाते. आफ्रिकेत एक न्याय आणि इंग्लंडात दुसरा असे चालणार नाही, असे त्याने ठणकावले. हा तर बर्कचाच आवाज! मग नऊ वर्षांत काय घडले? आमच्या मते विशेष काही घडले नाही. दूरच्या काळ्या माणसाला न्याय देणे हा हुजुरांच्या मोठेपणाचा भाग होता. तोच माणूस वुल्व्हरहॅम्प्टनच्या गल्लीत शेजारी येऊन राहिला, तेव्हा प्रश्न न्यायाचा उरला नाही, घराचा झाला. बर्क यांच्या विचारात या प्रसंगाची सोय नव्हती. त्यांची परंपरा आपापल्या जागी नांदत होती. ती बोचके घेऊन दारात उभी राहील, ही शक्यता त्यांनी विचारात घेतलीच नव्हती.

भाषणाची रचना पाहण्यासारखी आहे. त्यातील प्रत्येक जळजळीत वाक्य दुसऱ्याच्या तोंडी आहे. आणखी पंधरा-वीस वर्षांनी या देशात काळ्यांचा वरचष्मा होईल, हे म्हणणे मतदारसंघातील एका साध्या कामकरी माणसाचे. काळ्या शेजाऱ्यांच्या वस्तीत एकट्या राहिलेल्या गोऱ्या वृद्धेची करुण कथा एका पत्रातून आलेली. त्या वृद्धेचा पत्रकारांनी त्या वेळी कसून शोध घेतला, पण ती सापडली नाही. आणि शेवटी रक्ताने फेसाळलेली टायबर नदी दिसते आहे, हे उद्गार व्हर्जिलचे. कामकरी, म्हातारी आणि महाकवी असे हे तीन मुखवटे आहेत. आमचे कीर्तनकार उत्तररंगात आख्यान लावतात तेव्हा ते कोणाच्या तोंडून काय वदवितात याचे भान श्रोत्याला असते. येथे ते भान श्रोत्याला राहू नये अशी व्यवस्था आहे. सॉल्सबरींच्या वाक्यातली लकब येथे अख्ख्या भाषणाची शैली झाली आहे.

पण आम्हांला खरे नवल वाटते ते व्हर्जिलच्या अवतरणाचे. पॉवेल याने ते 'रोमन माणसा'चे उद्गार म्हणून सांगितले. 'इनीड'च्या सहाव्या सर्गात ते उद्गार आहेत क्युमी येथील सिबिल या भविष्यवादिनीचे, आणि ती ते सांगते कोणाला? इनियसला. हा इनियस कोण? जळालेल्या ट्रॉयमधून बापाला खांद्यावर घेऊन निघालेला, समुद्रात भरकटत इटलीच्या किनाऱ्याला लागलेला निर्वासित. म्हणजे रक्तपाताचे ते भाकीत मूळ रहिवाशांना दिलेला इशारा नव्हे. बाहेरून येणाऱ्याला, तुझ्या वाट्याला काय काय भोग आहेत, ते सांगणारे आहे. इतकेच नव्हे, तर लगेच पुढे ती त्याला संकटांपुढे न वाकता अधिकच धैर्याने पुढे जाण्यास सांगते. ज्याच्या वंशातून रोम व्हायचे आहे तो माणूस परका आहे, हा त्या महाकाव्याचा कणा. ग्रीकच्या प्राध्यापकाला, लॅटिन जिभेवर खेळविणाऱ्या पंडिताला हे ठाऊक नव्हते असे म्हणणे हास्यास्पद होईल. त्याने ती ओळ वाचली आणि ज्याला उद्देशून ती होती तो माणूस तेवढा पुसून टाकला. वाङ्मयाच्या अपहरणाचे याहून स्वच्छ उदाहरण आम्हांस ठाऊक नाही.

त्याच महाकाव्याच्या शेवटच्या सर्गात एक करार आहे, आणि तो आमच्यासारख्यांनी तरी पुन्हा पुन्हा वाचावा असा आहे. जुनो ट्रोजनांचा विजय मान्य करते, पण एका अटीवर: लॅटिन लोकांचे नाव, भाषा व वेष कायम राहावा, आलेल्यांनी त्यांच्यात मिसळून जावे. जूपिटर ती अट मान्य करतो. जिंकलेल्याने आपली भाषा टाकून द्यावी, असा तो तह आहे. इंदूर, ग्वाल्हेर, बडोदा येथे आमचे पूर्वज फौजांबरोबर आणि फडणिशीच्या दप्तरांबरोबर आले. त्यांच्यावर अशी अट कोणी घातली नाही, आणि अडीचशे वर्षे आम्ही मराठी राखली, मंडळे काढली, गणपती बसविले. आम्हांला कोणी 'परके' म्हटले तर दुखते. आणि ज्या दशकात पॉवेल बोलला त्याच दशकात, १९६६ पासून, मुंबईत मराठी माणसाच्या नावाने दाक्षिणात्यांविरुद्ध मोहीम उभी राहिली तेव्हा आमच्यापैकी पुष्कळांना बरे वाटले होते, हेही नाकारण्यात अर्थ नाही. तो वाद भाषेचा आणि नोकऱ्यांचा होता, वंशाचा नव्हता, हे खरे. परंतु 'आलेल्यां'विरुद्धच्या मोहिमेला टाळ्या वाजविणारे आम्ही स्वतः 'आलेले'च होतो.

पक्षनेते हीथ यांनी दुसऱ्याच दिवशी पॉवेलला आपल्या छायामंत्रिमंडळातून काढले, हे पक्षाच्या बाजूने सांगितलेच पाहिजे. पण गॅलपच्या चाचणीत ७४ टक्के लोक पॉवेलशी सहमत निघाले, आणि २३ एप्रिलला लंडनच्या गोदी कामगारांनी त्याच्या समर्थनार्थ वेस्टमिन्स्टरवर मोर्चा नेला. आमच्या उपसंपादकाचे यमक तेथे कोसळले: मजूर हुजुरांच्या मागे चालू लागले. मजूर पक्षाचे हातही धुतलेले नव्हते. पूर्व आफ्रिकेतील आशियाई लोकांना, ब्रिटिश पारपत्र हातात असूनही, दार बंद करणारा कायदा १ मार्च १९६८ रोजी त्यांच्याच सरकारने काही दिवसांत घाईघाईने संमत केला होता. उलट, १९७२ मध्ये इदी अमीनने हाकलून दिलेल्या युगांडातील सुमारे अठ्ठावीस हजार आशियाईंना हीथ यांच्या हुजूर सरकारने पदरात घेतले. आणि त्याच वेळी लेस्टरच्या नगरपालिकेने युगांडातील वृत्तपत्रात जाहिरात देऊन, कृपया आमच्या गावी येऊ नका, असे सांगितले. पक्षांची नावे पाहून न्याय देता येत नाही तो असा.

१९८३ च्या निवडणुकीतील भित्तिपत्रकावर आम्ही थोडे थांबू. सुटाबुटातील एका काळ्या तरुणाचे चित्र, आणि मजकूर असा की, मजूर पक्ष याला काळा म्हणतो, आम्ही ब्रिटिश म्हणतो. पाच वर्षांपूर्वी, १९७८ मध्ये, याच पक्षाच्या नेत्या मार्गारेट थॅचर यांनी परक्या संस्कृतीच्या लोकांत आपण बुडून जाऊ अशी भीती लोकांना वाटते, असे दूरचित्रवाणीवर सांगितले होते. 'लोकांना वाटते' ही सॉल्सबरी घराण्याची क्रियापदे पुन्हा येथे आहेतच. भित्तिपत्रक मात्र नवे आहे. त्यात रंग नाहीसा करण्याचे आश्वासन आहे, आणि त्याची किंमतही छापलेली आहे: सूट. चित्रातला माणूस लुंगीत किंवा पगडीत असता तर वाक्य तसेच राहिले असते काय? रंग चालेल, वेष आमचा हवा. जुनोच्या अटीचे हे जाहिरातीतले रूप. १९९० मध्ये नॉर्मन टेबिट यांनी, क्रिकेटच्या सामन्यात तुम्ही कोणाच्या बाजूने ओरडता यावरून निष्ठा पारखावी, असे सुचविले, ते याच अटीचे परिशिष्ट. हा विषय येथेच सोडतो. क्रिकेटच्या बाबतीत आमचे वाचक आमचे ऐकणार नाहीत.

सुनक, प्रीती पटेल, सुएला ब्रेव्हरमन आणि नोव्हेंबर २०२४ मध्ये पक्षाच्या नेत्या झालेल्या, नायजेरियन आईबापांच्या केमी बेडनॉक ही मंडळी केवळ शोभेची बाहुली आहेत, असे म्हणणारी टीका आम्हांस मान्य नाही. ती टीकाही रंगाकडेच पाहते. काळ्या-सावळ्या माणसाची मते उजवी असूच शकत नाहीत, असे ती गृहीत धरते. या लोकांची मते त्यांची स्वतःची आहेत. व्यापारी कुटुंबातला कष्टाळूपणा, शिक्षणावरची श्रद्धा, कुटुंबव्यवस्था, सरकारी हस्तक्षेपाचा तिटकारा, यांतून ती आली आहेत, आणि आमच्या कितीतरी घरांत तीच मते आहेत. यॉर्कशरमधील रिचमंडसारख्या जवळजवळ संपूर्ण गोऱ्या मतदारसंघाने २०१५ पासून सुनकांना निवडून दिले, तेव्हा १८८८ च्या त्या वाक्याला पुरे उत्तर मिळाले, हेही आम्ही मनापासून मान्य करतो. आमचा आक्षेप निराळा आहे. डिझरेलीने घालून दिलेला नमुना येथे पुन्हा दिसतो: आत आलेल्याने आपली निष्ठा सिद्ध करावी ती दारावर उभे राहून.

फेब्रुवारी २०२० मध्ये गृहमंत्री असताना प्रीती पटेल यांनी स्थलांतरितांसाठी गुणांकनाची नवी पद्धत जाहीर केली. हे नियम पूर्वी असते तर युगांडाहून आलेल्या तुमच्या आईवडिलांना प्रवेश मिळाला असता काय, असे एका मुलाखतीत त्यांना विचारले गेले. मिळाला नसता, हे त्यांनी मान्य केले. त्यांच्या त्या उत्तरात आम्हांला प्रामाणिकपणा दिसतो. सॉल्सबरींपासून चालत आलेला 'लोक म्हणतात'चा आडोसा त्यांनी तेथे घेतला नाही. ब्रेव्हरमन यांचे वडील केनियातल्या गोवेकर कुटुंबातले. ते १९६८ च्या फेब्रुवारीत लंडनला उतरले. दार बंद होण्यास तेव्हा फार तर चार आठवडे उरले होते.

गोव्यातील आमच्या वाचकांना यापुढचा भाग आमच्यापेक्षा अधिक ठाऊक आहे. १९ डिसेंबर १९६१ पूर्वी गोव्यात जन्मलेल्यांच्या व त्यांच्या मुलानातवंडांच्या पोर्तुगीज पारपत्रांवर कितीतरी गोवेकर कुटुंबे स्विंडनसारख्या इंग्रजी गावांत जाऊन कारखान्यांत आणि गोदामांत राबू लागली. ती वाट युरोपीय संघातील मुक्त संचाराची होती, आणि ३१ डिसेंबर २०२० रोजी ती नव्याने येणाऱ्यांसाठी बंद झाली. गृहखाते तेव्हा प्रीती पटेल यांच्याकडे होते. सप्टेंबर २०२२ मध्ये त्यांच्या जागी त्या गोवेकर वडिलांची कन्या आली.